‘संशय’ हा शब्द कुठे गळला? मासळीच्या एका बातमीचे प्रकरण

दक्षिण कोकणातल्या एका बंदरगावात गौरी-गणपती विसर्जनानंतरच्या आठवड्यात मासळीबाजार चार दिवस जवळजवळ ठप्प झाला. कारण होते वृत्तपत्रातली तीन कॉलमांची बातमी: मासळीत फॉर्मेलिन, म्हणजे ती टिकवायला बेकायदा मारले जाणारे रसायन, आहे. ती कोणी रचलेली नव्हती. वार्ताहराने डोळ्यांनी पाहिले तेवढेच कळवले होते, तरी वाचकाच्या हातात पोचेपर्यंत तिचा अर्थ पार बदलला. हा बदल कुठे, कोणाच्या हातून आणि का झाला, आणि नंतर तो सावरायला गावाने आणि वृत्तपत्राने काय केले, याची ही नोंद. गाव, वृत्तपत्र आणि माणसे ओळखू येऊ नयेत म्हणून काही तपशील बदलले आहेत. घटनांचा क्रम आणि निर्णय मात्र तसेच ठेवले आहेत.

पार्श्वभूमी

पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांना मासेमारी बंद असते. त्यानंतर श्रावण लागतो, मग गणपती. म्हणजे मासे खाणाऱ्या घरांतही मोठा खंड पडतो. गौरी-गणपतींचे विसर्जन झाले की गिऱ्हाईक एकदम बाजारात उतरते. चाकरमानी मुंबईला परतताना थर्माकोलच्या डब्यात बर्फ घालून सुरमई, बांगडा घेऊन जातात. पुढे पितृपक्ष येतो आणि काही घरे पुन्हा थांबतात. त्यामुळे भर उठावाचे दिवस मोजकेच असतात, आणि त्यातही बुधवार, शुक्रवार, रविवार हेच खरे मासळीचे वार.

या बाजारात दोन प्रकारची मासळी येते. एक होडीची: पहाटे बंदराला लागलेली, तिथेच लिलाव होऊन दुपारपर्यंत संपणारी. दुसरी गाडीची: उत्तरेकडून किंवा परराज्यांतून बर्फात भरून ट्रकने आलेली. बोंबील दक्षिण कोकणात फारसा मिळत नाही, त्यामुळे इथला बोंबील बहुतेक गाडीचा असतो. गिऱ्हाईकाला हा फरक माहीत असतो, पण पाटीवर तो कुठे लिहिलेला नसतो. विकणाऱ्या बायका पहाटे लिलावात उधारीवर माल उचलतात आणि संध्याकाळी विक्रीच्या पैशातून फेडतात. एक दिवस माल उरला तर बर्फाचा खर्च वाढतो, दोन दिवस उरला तर सुकवायला टाकावा लागतो. त्या दिवसांतल्या पावसाळी हवेत तोही नीट सुकत नाही.

आता बातमीची बाजू. तालुक्याचा वार्ताहर वृत्तपत्राचा पगारी नोकर नसतो. त्याला बातमीमागे किरकोळ मानधन मिळते. घर चालते ते जाहिरातींच्या कमिशनवर, म्हणजे वाढदिवसाच्या शुभेच्छा आणि दुकानांची उद्घाटने यांच्यावर. तो बातमी फोनवर टाइप करून जिल्हा कार्यालयाला पाठवतो. तिथून ती डेस्ककडे, म्हणजे मजकूर तपासून मथळे आणि पाने लावणाऱ्या विभागाकडे जाते. डेस्क दुसऱ्या शहरात, छपाई जिल्ह्याबाहेर. पहाटे गाड्या घाट उतरून गावात पोचायच्या म्हणून कोकणाची पाने लवकर सोडावी लागतात. रात्री साडेनऊनंतर कोकणच्या पानातला शब्द बदलणे अवघड होते. या प्रकरणात ही वेळच बऱ्याच गोष्टी ठरवून गेली.

सोमवार: तपासणी

सोमवारी बाजार ढिला असतो. त्या सकाळी बाहेरून आलेल्या एका गाडीतले तीन बोंबील गावातल्या तरुणांनी विकत घेतले आणि फॉर्मेलिन ओळखायच्या, ऑनलाइन मागवलेल्या किटने तपासले. तीनपैकी दोन बोंबलांवर किटचा रंग बदलला. मोबाइलवर चित्रण झाले. वार्ताहर तिथे होता.

फॉर्मेलिन म्हणजे पाण्यात विरघळवलेला फॉर्मल्डिहाइड, साधारण ३७ टक्के. मासळी टिकवण्यासाठी तो वापरायला कायद्याने परवानगी नाही. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने २००४ मध्ये फॉर्मल्डिहाइडला माणसात कर्करोग घडवणाऱ्या द्रव्यांच्या पहिल्या गटात घातले. तो निष्कर्ष मुख्यतः श्वासावाटे शरीरात जाणाऱ्या वायूच्या पुराव्यावर उभा आहे. तेव्हा तरुणांची काळजी खोटी नव्हती आणि अशी तपासणी करावीशी वाटणे योग्यच होते.

घोटाळा निवडलेल्या माशात होता. समुद्री माशांच्या अंगात ट्रायमिथाइलअमाइन ऑक्साइड नावाचे द्रव्य असते. मासा मेल्यावर काही जातींमध्ये एक विकर ते फोडते आणि त्यातून डायमिथाइलअमाइनबरोबर फॉर्मल्डिहाइडही आपोआप तयार होतो. साठवण जितकी लांबते तितका तो वाढतो. बोंबील आणि चोर बोंबील ज्या कुळातले आहेत, त्या कुळात हे विशेष दिसते. म्हणून बोंबलावर किटचा रंग बदलला तर त्याचे दोन अर्थ निघतात: वरून काही घातले असेल, किंवा मासा जुना असेल आणि रसायन त्याचेच असेल. झटपट किट या दोहोंत फरक करू शकत नाही. किटचा उपयोग ‘इथे प्रयोगशाळेची गरज आहे’ एवढे सांगण्यापुरता असतो. त्या दिवशी किटची मुदत कोणी पाहिली नाही, तपासलेले मासे बर्फात राखून ठेवले नाहीत, आणि दुपारपर्यंत गाडी रिकामी होऊन निघून गेली. संशय खरा होता की खोटा हे पुढे कधीच सिद्ध होणार नव्हते, ते या तीन गोष्टींमुळे.

वार्ताहराने संध्याकाळी पाठवलेला मजकूर असा होता: ‘बंदर बाजारात बाहेरून आलेल्या एका गाडीतील बोंबलांची काही तरुणांनी किटने तपासणी केली. तीनपैकी दोन माशांत फॉर्मेलिनचा संशय व्यक्त करण्यात आला. प्रशासनाने नमुने घेऊन प्रयोगशाळेत तपासणी करावी, अशी मागणी तरुणांनी केली आहे.’ सोबत गाडीचा एक अंधुक फोटो.

या मजकुरात जवळपास सगळे आहे: गाडी बाहेरची, मासा बोंबील, तपासणी किटची, शब्द संशयाचा.

बातमी बदलली त्या जागा

पहिला बदल डेस्कवर झाला. त्या रात्री पहिल्या पानावर तीन कॉलमांची जागा ऐनवेळी मोकळी झाली आणि आतल्या पानासाठी आलेला हा मजकूर वर गेला. मथळ्याच्या मापात ‘एका गाडीतील बोंबलांत फॉर्मेलिनचा संशय’ बसेना. ‘मासळीत फॉर्मेलिन! खवय्यांनो, सावधान’ बसला. मजकुरातला ‘संशय’ शाबूत होता, पण मथळ्यातून तो गेला, आणि ‘बोंबील’चा ‘मासळी’ झाला. उपसंपादकाने वार्ताहराला एकदा फोन लावला होता. वार्ताहर दुचाकीवर होता, त्याला कळले नाही, आणि पान सोडायची वेळ झाली.

दुसरा बदल छायाचित्राचा, आणि आमच्या मते तो सर्वांत घातक. गाडीचा फोटो छापण्याजोगा नव्हता. डेस्कने संग्रहातला जुना फोटो लावला: त्याच बाजारातल्या, समोर पाट्या मांडून बसलेल्या चार बायका. चेहरे स्पष्ट. ‘संग्रहित छायाचित्र’ ही ओळही राहून गेली. वाचणाऱ्याने मथळा वाचला आणि त्याखाली ओळखीच्या काकीचा चेहरा पाहिला. मजकूर वाचायची गरजच उरली नाही.

तिसरा बदल मंगळवारी सकाळी झाला. तालुक्यातल्या एका यूट्यूब वाहिनीने तरुणांचे चित्रण आणि वृत्तपत्राचे कात्रण जोडून व्हिडिओ केला. मुखचित्रावर (थंबनेलवर) शब्द होते ‘विषारी मासळी’. वाहिनीने स्वतः कोणालाही विचारले नाही. ‘पेपरात आले आहे’ हाच तिचा आधार होता. दुपारी वृत्तपत्राच्या संकेतस्थळाने ‘व्हिडिओ व्हायरल’ अशी दुसरी बातमी केली, तेव्हा तिचा आधार होता तो व्हिडिओ. दोन माध्यमे एकमेकांकडे बोट दाखवू लागली की वाचकाला दोन स्वतंत्र पुरावे मिळाल्यासारखे वाटते. प्रत्यक्षात पुरावा एकच होता: तीन बोंबील.

चौथा बदल व्हॉट्सअॅपवर. मुंबईकर मंडळांच्या गटांत कात्रण फिरले तेव्हा वरची तारीख कापली गेली होती आणि खाली कोणीतरी जोडले होते, ‘पंधरा दिवस मासे खाऊ नका, सरकारने बंदी घातली आहे.’ ही बंदी आली कुठून? जुलै २०१८ मध्ये गोव्यात फॉर्मेलिनच्या संशयावरून गदारोळ झाला होता, तेव्हा तिथल्या सरकारने बाहेरच्या राज्यांतून येणाऱ्या मासळीवर १५ दिवसांची बंदी घातली होती. तेव्हाची एक चित्रफीत या कात्रणाला चिकटली. अनेकदा पुढे पाठवलेला संदेश एका वेळी एकाच व्यक्तीला किंवा गटाला पाठवता येतो, ही मर्यादा व्हॉट्सअॅपने एप्रिल २०२० पासून घातली आहे. पण कोणी स्क्रीनशॉट काढून नव्याने टाकला की तो संदेश कोरा ठरतो आणि ‘अनेकदा पाठवलेला’ ही खूणही जाते. इथे तेच होत राहिले.

अडचण

बुधवारी पहाटे होड्या लागल्या. बांगडा चांगला आला होता. लिलावाला व्यापारी आले, पण बोली वर जाईना. बाजारात गिऱ्हाईक फिरत होते, विचारत होते आणि निघून जात होते. ‘काकी, औषध मारलला नाय मा?’ हा प्रश्न दिवसभर आला. बायका शपथा घेत होत्या. ज्यांचा फोटो छापला होता त्यांच्यापुढे तर कोणी थांबतच नव्हते. त्यातल्या एकीने संध्याकाळी वार्ताहराला गाठले. ‘माज्या पाटयेत बांगडो होतो, बोंबील नाय. मगे माजो फोटो कित्याक घातलात?’ वार्ताहराकडे उत्तर नव्हते. फोटो त्याने पाठवलाच नव्हता.

लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की ज्या गाडीवर संशय होता तिच्या मालकाचे काहीच गेले नाही. त्याचा माल सोमवारीच विकला गेला होता. झळ बसली ती ज्यांची तपासणीच झाली नव्हती त्या होडीवाल्यांना आणि विक्रेत्या बायकांना.

समोर असलेले पर्याय

बुधवारी रात्री मच्छिमार सहकारी संस्थेच्या कार्यालयात बैठक झाली. सचिव, काही होडीमालक, विक्रेत्या बायका, गावातले एक वकील.

वृत्तपत्रावर बहिष्कार घालून अंकांची होळी करावी, असे तरुण होडीमालकांचे म्हणणे होते. राग समजण्यासारखा होता. पण होळीची बातमी झाली असती, दुसऱ्या वाहिन्या आल्या असत्या आणि ‘फॉर्मेलिन’ हा शब्द आणखी चार दिवस चालला असता. हा पर्याय लवकर मागे पडला.

अब्रुनुकसानीची नोटीस पाठवावी का? वकिलांनी सांगितले की भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये व्यक्तिसमूहाची बदनामीही बसते, पण तो समूह निश्चित आणि ओळखता येण्याजोगा हवा. ‘मासळी विकणारे’ हा फार मोठा वर्ग झाला. फोटोतल्या चार बायकांची बाजू बळकट होती, कारण त्या ओळखू येत होत्या. मात्र निकालाला वर्षे लागतील आणि पितृपक्ष तोंडावर आहे. त्या चौघींनीच सांगितले की आधी फोटो काढायला लावा, कोर्टाचे मग बघू.

प्रेस कौन्सिलकडे तक्रार हा तिसरा मार्ग. वृत्तपत्रांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारी ही परिषद १९७८ च्या कायद्याने उभी आहे. तिच्याकडे जाण्याआधी संपादकाला लेखी कळवावे लागते. दैनिकाच्या बाबतीत प्रसिद्धीपासून दोन महिन्यांच्या आत तक्रार करावी लागते. कात्रण, संपादकाशी झालेला पत्रव्यवहार, मराठी मजकुराचे इंग्रजी भाषांतर आणि न्यायालयात प्रकरण प्रलंबित नसल्याचे निवेदन जोडावे लागते. परिषद ताकीद देऊ शकते, ठपका ठेवू शकते. दंड करू शकत नाही, आणि यूट्यूब वाहिनी तिच्या कक्षेत येत नाही. डिजिटल बातम्यांसाठी २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांत तक्रार निवारण अधिकारी आणि १५ दिवसांत निर्णय अशी रचना आहे, पण त्यातल्या नियम ९ च्या पोटनियम १ आणि ३ ला मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२१ मध्ये स्थगिती दिली होती. म्हणून त्या वाटेवर भिस्त ठेवता येत नव्हती. संपादकाला लेखी पत्र मात्र लगेच द्यायचे ठरले. बोलणी फिसकटली तरी पुढच्या तक्रारीचा पाया त्यानेच पडतो.

कॅमेऱ्यासमोर पुढाऱ्यांना मासे खायला घालण्याची सूचनाही आली. ती टाळली हे योग्यच झाले. तळलेला बांगडा एका माणसाने खाल्ला याने रसायनाबद्दल काहीच कळत नाही. एका संशयाला दुसऱ्या देखाव्याने उत्तर दिले जाते इतकेच.

शेवटी दोन गोष्टी ठरल्या: त्याच रात्री पत्रक काढायचे, आणि रोजच्या लिलावात उघड तपासणी सुरू करायची. पहिली फसली, दुसरी चालली.

केलेली कृती

पत्रकाचा मथळा होता, ‘आमच्या मासळीत फॉर्मेलिन नाही’. गुरुवारी ते सगळ्या गटांत गेले. परिणाम उलटा झाला. ज्यांनी मूळ बातमी पाहिलीच नव्हती त्यांना ती या पत्रकातून कळली. शिवाय ‘नाही’ कशावरून म्हणता, याला उत्तर नव्हते, कारण तोवर एकाही होडीच्या मासळीची तपासणी झालेली नव्हती. नकार देताना आरोपाचाच शब्द मोठ्या अक्षरांत छापला की वाचकाच्या मनात तोच घट्ट बसतो. आधी ठाम माहिती, मग थोडक्यात आरोप, शेवटी पुन्हा माहिती, असा क्रम असता तर निदान नुकसान तरी झाले नसते. उदाहरणार्थ: ‘इथला बांगडा पहाटे बंदराला लागतो आणि दुपारी संपतो. संशय बाहेरच्या एका गाडीतल्या बोंबलांवर होता. होडीच्या मासळीची तपासणी उद्यापासून लिलावात सर्वांसमोर होईल.’

तपासणीची पद्धत अन्नसुरक्षा अधिकाऱ्यांशी बोलून ठरवली. संस्थेच्या लेखी अर्जावरून ते गुरुवारी दुपारी बाजारात आले आणि त्यांनी कायदेशीर नमुने घेतले. २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याप्रमाणे असा नमुना चार भागांत विभागून सीलबंद करतात. एक भाग अन्न विश्लेषकाकडे जातो आणि त्याला १४ दिवसांत अहवाल द्यायचा असतो. उरलेल्या भागांमुळे निकालाला आव्हान देता येते. मासळीचा नमुना फक्त बर्फात, कोणतेही परिरक्षक (टिकवणारे रसायन) न घालता जावा लागतो. ही बाब मुद्दाम सांगण्यासारखी आहे, कारण दुधाचे नमुने टिकवायला फॉर्मेलिनच घालतात. सवयीने तेच इथे झाले तर निकाल काय येईल हे उघड आहे.

अहवाल यायला दोन आठवडे. तोवरच्या काळासाठी संस्थेने आपली पद्धत लावली. रोज पहाटे लिलावापूर्वी तीन होड्यांतून प्रत्येकी दोन मासे आणि आलेल्या प्रत्येक गाडीतून दोन. प्रत्येक माशाचे तीन तुकडे. एक तुकडा सर्वांसमोर किटने तपासायचा, दुसरा पिशवीत बंद करून बर्फ कारखान्यात ठेवायचा, तिसरा शंका आली तर अधिकाऱ्यांना कळवून प्रयोगशाळेसाठी. पिशवीवर होडीचे नाव किंवा गाडीचा क्रमांक, वेळ, आणि दोघांच्या सह्या. निकाल फळ्यावर. बोंबलाच्या पुढे ‘किटने ठरत नाही’ असे लिहायचे, रंग बदलो वा न बदलो. हा शेवटचा नियम बाजारातल्या काहींना पटला नाही. ‘नाही’ असा स्वच्छ शब्द का लिहीत नाही, असे ते म्हणत. पण एकदा सोयीचा निकाल ग्राह्य धरला की गैरसोयीचाही धरावा लागतो, हे सचिवांनी त्यांना समजावून सांगितले.

खरी रस्सीखेच वृत्तपत्राशी झाली. सचिव गुरुवारी संध्याकाळी पत्र घेऊन जिल्हा कार्यालयात गेले. तिथे आधी जाहिरात विभागाने ‘तुमची बाजू’ मांडायला सवलतीत अर्धे पान देऊ केले. सचिवांनी ते नाकारले: ‘साहेब, चूक तुमची, आणि पैसे आम्ही भरायचे?’ मग संपादकांनी ‘खुलासा’ छापतो म्हटले. खुलासा आणि दुरुस्ती यांत फार अंतर आहे. खुलासा पाठवणाऱ्याच्या नावाने छापतात. त्यात वृत्तपत्र फक्त म्हणते की संस्थेचे असे म्हणणे आहे. दुरुस्तीत वृत्तपत्र स्वतःच्या नावाने सांगते की आम्ही अमुक चुकीचे छापले. बाधित पक्षाने खुलाशावर समाधान मानले की वाचकाला ‘दोन्ही बाजू’ दिसतात आणि चूक ही चूक न राहता वाद होतो. मराठी वृत्तपत्रांत दुरुस्तीऐवजी खुलासा देण्याची सवय इतकी मुरली आहे की अनेक पत्रकारांना यात काही वावगे वाटत नाही.

सचिवांनी आग्रह धरला तो तीन गोष्टींचा: दुरुस्ती पहिल्या पानावर, शनिवारच्या अंकात, आणि फोटोचा उल्लेख स्पष्टपणे चूक म्हणून. शनिवार अशासाठी, की रविवारी बाजार भरतो. सोमवारी छापून आलेली दुरुस्ती आठवडा वाया घालवून आली असती. योग्य ठळकपणे आणि तत्परतेने दुरुस्ती करावी असे प्रेस कौन्सिलचे पत्रकारितेचे निकषही सांगतात, याची प्रत त्यांनी जोडली होती. वार्ताहराने स्वतः पाठवलेला मूळ मजकूर फोनवर दाखवला. त्याला हे सोपे नव्हते, पुढच्या जाहिराती त्याच कार्यालयातून जायच्या होत्या. पण त्या मजकुराने वाद संपवला.

शनिवारी छापले गेले ते असे: ‘दुरुस्ती. मंगळवारच्या अंकातील मासळीविषयक बातमीत, तपासणी बाहेरून आलेल्या एका गाडीतील बोंबलांची आणि केवळ किटने झाली होती. मथळ्यात ते स्पष्ट केले नव्हते. सोबतचे छायाचित्र जुने असून त्यातील विक्रेत्या महिलांचा या तपासणीशी काहीही संबंध नाही. चुकीबद्दल आम्ही दिलगीर आहोत.’ जागा पहिल्या पानाचा तळ, एक कॉलम, चौकटीत. मूळ बातमी वरच्या बाजूला तीन कॉलमांची होती. संकेतस्थळावर मथळा आणि फोटो बदलला, पण कधी आणि काय बदलले ही टीप जोडायला आणखी दोन दिवस गेले.

यूट्यूब वाहिनीने व्हिडिओ उतरवला नाही. मुखचित्र बदलले आणि रविवारी पहाटेच्या लिलावातल्या तपासणीचा नवा व्हिडिओ केला. तोच सगळ्यात जास्त उपयोगी पडला, कारण गटांत फिरण्याजोगा होता. छापील दुरुस्तीचे कात्रण फारसे कोणी पुढे पाठवले नाही.

परिणाम

रविवारी गिऱ्हाईक परतले, आधी बांगड्याला, मग सुरमईला. बोंबलाची विक्री दसऱ्यापर्यंत सावरली नाही आणि सुका बोंबीलही मागे पडला. कायदेशीर नमुन्यांचे अहवाल आले तेव्हा होडीच्या मासळीत आक्षेपार्ह काही आढळले नाही. तोवर बाजार पूर्ववत झालेला होता. वृत्तपत्राने अहवालाची बातमी आतल्या पानावर दिली.

सोमवारच्या गाडीत फॉर्मेलिन घातले होते का, हा प्रश्न तसाच राहिला. याची खंत तपासणी करणाऱ्या तरुणांनाही आहे. बातमी नीट दिली गेली असती तर त्या गाडीचा माग लागला असता. पहिल्या पानाने सगळ्या मासळीवर बोट ठेवले आणि संशयित गाडी गर्दीत नाहीशी झाली.

६ जानेवारीला, म्हणजे १८३२ साली ज्या दिवशी देवगडजवळच्या पोंभुर्ल्याच्या बाळशास्त्री जांभेकरांनी ‘दर्पण’ सुरू केले त्या दिवशी, तालुक्यात पत्रकार दिनाचा कार्यक्रम झाला. त्यात हार-तुऱ्यांऐवजी या प्रकरणावर तासभर चर्चा झाली. वार्ताहरांनी आपापसात ठरवले की आरोग्य किंवा भेसळीच्या बातमीत मजकुराबरोबर मथळाही आपणच पाठवायचा, तीन मापांत, आणि तिन्ही मापांत ‘संशय’ ठेवायचा. डेस्कने तो वापरलाच पाहिजे असे नाही, पण तयार मथळा समोर असला की घाईत तोच उचलला जातो.

वेगळे काय करता आले असते

सोमवारी सकाळी तरुणांनी अन्नसुरक्षा कायद्याच्या कलम ४० चा वापर करायला हवा होता. कोणताही ग्राहक विकत घेतलेला पदार्थ फी भरून अन्न विश्लेषकाकडून तपासून घेऊ शकतो. अट एवढीच की खरेदीच्या वेळी विक्रेत्याला तसे सांगावे लागते. हे शक्य नव्हते तरी उरलेले मासे बर्फात ठेवून आणि गाडीचा क्रमांक टिपून अधिकाऱ्यांना फोन करता आला असता. वार्ताहरानेही हे विचारायला हवे होते. ‘नमुना कुठे ठेवला आहे?’ हा एक प्रश्न विचारला असता तर बातमी दुसऱ्याच दिशेने गेली असती.

डेस्ककडे आणखी एक वाट होती: बातमी एक दिवस थांबवणे. मंगळवारी छापली नसती तर कोणाचा जीव धोक्यात आला असता का? गाडीतला माल सोमवारीच संपला होता, त्यामुळे मंगळवारच्या इशाऱ्याने एकही बोंबील कोणाच्या ताटातून वाचला नाही. विषबाधेचे रुग्ण येत असते तर गोष्ट वेगळी होती. मग अर्धवट माहितीही लगेच द्यावी लागते. उशीर केल्याने कोणाचे काय बिघडते आणि घाई केल्याने कोणाचे, हे त्या रात्री कोणी विचारले नाही, कारण जागा रिकामी होती आणि घड्याळात नऊ वाजून गेले होते. फोटोच्या बाबतीत तर घाईचेही कारण सांगता येत नाही. फोटो नसलेली बातमी छापता येते.

संस्थेने पत्रकाची घाई न करता गुरुवारी पहाटेच तपासणी सुरू केली असती तर शुक्रवारचा बाजार कदाचित वाचला असता. बायकांना बैठकीत बोलावले, पण पत्रकाचा मसुदा त्यांना दाखवला नाही. गिऱ्हाईक नेमके काय विचारते हे त्यांनाच ठाऊक होते. ‘फॉर्मेलिन’ हा शब्द तर बाजारात कोणी उच्चारतही नव्हते. लोक विचारत होते ते ‘औषध’ मारले आहे का, आणि मासा कधीचा आहे.

पुढच्या वर्षी गणपतीनंतर तेच कात्रण, तारीख कापलेले, पुन्हा गटांत फिरू लागले. या वेळी संस्थेने नवे पत्रक काढले नाही. दुरुस्तीची चौकट आणि त्या पहाटेच्या फळ्याचा फोटो एकाच चित्रात जोडून तयार ठेवला होता, तो ज्या ज्या गटात कात्रण आले तिथे त्याच्याखालीच टाकला. बाजार हलला नाही. फळ्याची पद्धत टिकली आहे: होडीचे नाव, बंदराला लागल्याची वेळ, आणि बोंबलाच्या पाटीसमोर खडूने ‘गाडीचा’.